धरलेली वर्षं

कॅप्टन रघबीर जसवालांनी ओळीच्या वरच्या टोकाची पत्रावळ स्वतः पुसली आणि दुर्गादत्त अवस्थींना हाक मारली. स्वयंपाक करणारे बोटी भाताच्या टोपल्या घेऊन वाढायला निघाले होते. त्यांच्यामागून दह्यात शिजवलेल्या चण्यांच्या मदऱ्याचा वास येत होता.

“पंडितजी, असे वर या.”

“आता माझी जागा इथेच, कॅप्टनसाहेब,” दुर्गादत्त हसत म्हणाले आणि पार शेवटी मांडी घालून बसले.

तहसिलीतली माणसं मान खाली घालून भात कालवू लागली. दुर्गादत्त नोकरीत आधी लागलेले. कॅप्टन फौजेतून सुटून, माजी अधिकाऱ्यांच्या राखीव जागेवर मागाहून आलेले. पण चीनच्या लढाईनंतर सीमेवर काढलेली त्यांची वर्षं नोकरीत धरावीत असा निकाल लागला, आणि ते दुर्गादत्तांच्या वर गेले. प्रांताची जागा एकच होती. ती कॅप्टनना मिळाली. दुर्गादत्त येत्या चैत्रात आहेत त्याच खुर्चीवरून निवृत्त होणार होते. आजची धाम, ही जेवणावळ, त्या बढतीचीच.

कॅप्टन मागच्या अंगणात आले. त्यांची बायको लज्या हिचा मंगळवारचा उपास होता, तरी आंबट खट्ट्याची चव घेणं सोडून सगळं तीच पाहत होती. ते तिच्यापाशी पुटपुटत राहिले. चारचौघांत असा टोमणा मारायचा का? वर्षं काय फुकट मिळाली? बर्फात पायाची बोटं गेली.

“हे तेव्हा इथे चुलीपाशी ऊब घेत बसले होते,” ते म्हणाले.

लज्याने हातातली परात खाली ठेवली. ओढणी डोक्यावरून पुढे घेतली.

“मुन्नूला नदीवर त्यांनीच नेलं होतं.”

मुन्नू, त्यांचा मुलगा, कॅप्टन सीमेवर गेल्यावर जन्मला आणि त्यांना सुटी मिळायच्या आत गेला. मूल राहिलं नाही, एवढंच तिने कळवलं होतं. सासरे अंथरुणाला खिळलेले, बायकांनी नदीवर जायचं नसतं. दुर्गादत्त कचेरीतून तसेच आले होते आणि ते गाठोडं छातीशी धरून पुरायला उतार उतरून गेले होते.

“मला बोलली नाहीस कधी.”

“तुम्ही विचारलं नाहीत,” ती हळूच म्हणाली. “मग माझ्याच्याने विषय काढवेना.”

पंगत एकदमच उठते. मधून कुणाला उठवायचं नसतं. कॅप्टन खांबाशी उभे राहिले. शेवटचा गोड भात झाला, माणसं उठली, तसा त्यांनी बोट्याच्या हातून लोटा घेतला आणि दुर्गादत्तांच्या हातावर स्वतः पाणी घालू लागले.

“अहो, हे काय,” दुर्गादत्त संकोचले.

“पंडितजी, जागा कुठली होती?”

कुठली जागा, हे दुर्गादत्तांनी विचारलं नाही. ओले हात त्यांनी तसेच धरून ठेवले.

“नावेच्या घाटाखाली, जांभळीपाशी. वर मोठे दगड रचले होते मी, कोल्ह्यांच्या भीतीने. पण पुढच्याच पावसाळ्यात बियासने तो काठच नेला. पाणी ओसरल्यावर जाऊन शोधलं मी. तुम्ही आलात की विचाराल, वाटायचं.”

कॅप्टननी मान हलवली. अंगणातून भांड्यांचा आवाज येत होता. ते आणखी जवळ सरकले आणि दुसऱ्या कुणाला ऐकू जाणार नाही अशा बेताने म्हणाले,

“दिसायला कसा होता?”