महिन्याभराच्या दाढ्या

गल्ल्यातल्या चिल्लरीसाठी एका चोरट्याने भरदिवसा न्हाव्याच्या दंडात सुरा खुपसला आणि सगळी गल्ली धसकली. मुलांना कुणी एकटं सोडेना. महिन्याने न्हावी दवाखान्यातून परतला, दुकान उघडायला गेला आणि पाहतच राहिला. दारात बेकरीवाला, शिंपी, मास्तर, सगळे उभे, आणि प्रत्येकाच्या तोंडावर दाढीचं रान माजलेलं!

"अहो, चौकात दुसरं दुकान आहे की!"

"का? आमचा न्हावी मेलाय का?" खेकसत बेकरीवाला खुर्चीत बसला.

न्हाव्याने फेस लावला, पण वस्तरा उचलताच त्याला तो सुरा आठवला आणि हात लटलटू लागला.

"दादा, नको. कापलं तर?"

"काप रे! या थोबाडाचं आणखी काय वाकडं होणार?"

सगळे हसले, न्हावीही हसला, आणि त्याने पहिल्याच फटक्यात गाल कापला. बेकरीवाल्याने तुरटी लावून घेतली आणि म्हणाला, "हं, चालू दे."

शिंप्याला दोनच ओरखडे आले. मग मास्तर बसले. डोळे घट्ट मिटून त्यांनी हळूच विचारलं, "आता हात बसलाय ना रे बाळा?"

"बसतोय, मास्तर," न्हावी म्हणाला. आणि खरंच बसत होता.