भुंगीचं पान

माझ्या नवऱ्यावर लहान मुलांचं चित्रपुस्तक निघणार म्हटल्यावर मला आधी हसूच आलं. ज्याच्या चित्रांपुढे भलेभले डोकं खाजवत उभे राहिले, त्याचं आयुष्य म्हणे दुसरीतल्या पोरांना समजावणार. जिवंत होता तेव्हा कुणी हिंग लावून विचारलं नाही, आणि गेल्यावर पुस्तक. असो. मी हो म्हटलं. मी जन्मभर वीजबिलाच्या खिडकीमागे बसले म्हणून त्याला घरात रंग फासत बसता आलं, हे एखाद्या ओळीत तरी येईल, असं मनात होतं.

प्रकाशकाचं ऑफिस एका टायरच्या दुकानावर आहे. जिना चढेपर्यंत रबराचा वास नाकात बसतो. संपादक चाळिशीचा, तोंडात साखर घेऊन बोलणारा, मला काकू म्हणणारा. त्यानं पिना मारलेली कच्ची प्रत माझ्यापुढे सरकवली. पानावर एक-दोन ओळी, बाकी जागा चित्रांसाठी मोकळी. लहानपणी चित्रकार कोळशानं भिंती काळ्या करायचा. मोठा झाल्यावर लोकांचे चेहरे रंगवायचा, अगदी हुबेहूब. इथवर ठीक होतं. पुढच्या पानावर होतं, 'एके दिवशी चित्रकाराला चेहऱ्यांचा कंटाळा आला आणि तो रंगांशी खेळू लागला.'

माझं डोकंच फिरलं. हे खेळायचं तुमच्या कानात कुणी सांगितलं, असं मी विचारलं. तो म्हणाला, सगळ्या समीक्षकांनी असंच लिहिलंय, काकू. तो मोठा पिवळा कॅनव्हास म्हणजे प्रकाशाचा शोध आहे. कसला डोंबलाचा प्रकाश!

"तो खेळत नव्हता," मी म्हटलं. "आमची मुलगी गेली होती. तिचा चेहरा काढायला बसला होता तो."

संपादकानं हातातला चहाचा कप खाली ठेवला. आम्हाला मुलगी होती हेच त्याला ठाऊक नव्हतं. कुठून असणार? नवऱ्यानं कधी कुणाला सांगितलं नाही आणि मला कधी कुणी विचारलं नाही. मग त्या टेबलाशी बसून मी सगळं सांगितलं.

तिला आम्ही भुंगी म्हणायचो. दिवसभर तोंडातल्या तोंडात गुणगुण चाललेली असायची, म्हणून भुंगी. शाळेत घातलं त्याच वर्षी तिला ताप आला, तो डोक्यात गेला, आणि आठवडा उलटायच्या आत आम्ही दोघं हॉस्पिटलातून रिकाम्या हातांनी घरी आलो. तिचा फोटो एकच. स्टुडिओत मुद्दाम नेऊन काढलेला, आणि ऐन वेळी बाईसाहेबांनी मान फिरवली. फ्रॉकची बटणं मोजून घ्या, बुटांचे बंद दिसतात, आणि चेहऱ्याच्या जागी नुसता धूर. तेव्हा काही घरोघरी कॅमेरे नव्हते. बापानं गावभर लोकांचे चेहरे रंगवले, पण हिला कधी समोर बसवलं नाही. एक तर ती एका जागी बसायची नाही, आणि घरचीच तर पोर, कुठं पळून जातेय!

महिनाभरानं मीच त्याला म्हटलं, तिचा चेहरा काढून दे. दुसरं काही मागितलं नाही मी त्याच्याकडे. तो बसला. खाली पिवळा रंग दिला, कारण तिला पिवळ्याशिवाय काही चालायचं नाही. चेहरा काढायचा, बघत राहायचा, आणि पातळ सुरी घेऊन ओला रंग खरवडून टाकायचा. पुन्हा पिवळा थर, पुन्हा चेहरा, पुन्हा सुरी. घरात तो करकर आवाज, आणि मी भाजी चिरतेय की बोटं, याची मला शुद्ध नसायची.

एका संध्याकाळी मी ऑफिसातून आले आणि बघते तर कॅनव्हासवर पोर उभी. म्हटलं, हीच की रे, आता हात लावू नकोस. त्यानं माझ्याकडे बघितलं, सुरी उचलली आणि माझ्या डोळ्यांदेखत तिचा गाल खरवडायला लागला. मी त्याचा हात धरला, ओढाताण केली, नाही नाही ते बोलले. बाप असून पोरीचं तोंड विसरलास, म्हटलं. तो खरवडतच राहिला. शेवटी त्या कॅनव्हासवर पिवळ्याशिवाय काही उरलं नाही. त्यानंतर त्यानं एकही चेहरा काढला नाही. लोकांनी त्याला अमूर्त म्हटलं, आणि डोक्यावर घेतलं ते तो गेल्यावर. आम्ही दोघं एका घरात राहिलो, मीठ संपलंय, दार लाव, एवढंच बोलत.

संपादकानं सगळं ऐकलं, डोळे पुसले, आणि मग मुद्द्यावर आला. या वयाच्या पुस्तकात मरण चालत नाही, काकू. आईवडील पुस्तक परत करतात. मी म्हटलं, मग काढूच नका पुस्तक. चित्रं माझ्या घरात आहेत आणि सही माझी लागते. मला माझी भुंगी त्यात हवी होती. एका पानावर का होईना, पण कुठंतरी ती होती असं छापलेलं हवं होतं. बरीच घासाघीस होऊन पान मिळालं. 'चित्रकाराला एक मुलगी होती. तिचं नाव भुंगी. ती गेली.' त्यानं 'दूर गेली' लिहिलं होतं. दूर म्हणजे कुठं, मावशीकडे? मी दूर खोडलं.

मग चित्रं काढणारी मुलगी घरी आली. बारीक कापलेले केस, वागायला अदबशीर, मांडीवर टॅब का काय म्हणतात ती काचेची पाटी आणि हातात तिची पेन्सिल. चहा घेतला, पिवळ्या कॅनव्हाससमोर थोडा वेळ उभी राहिली, आणि मग तिनं विचारलं, "काकू, भुंगी कशी दिसायची?"



मग मी सांगत सुटले. तिच्या केसांना कसा वास यायचा, गुडघ्यावर खोक कुठं होती, कडेवर घेतली की किती जड लागायची, गुणगुणताना पाय कसे हलवायची. मुलगी ऐकून घेत होती, पण पेन्सिल हलत नव्हती. चेहऱ्याचं सांगा ना, म्हणाली. नाक? मी स्वतःच्या नाकाला हात लावला आणि म्हटलं, माझ्यासारखं. कपाळ? बापाचं. ओठ मी सासूबाईंचे दिले. खळी होती का, असं तिनं विचारलं. होती. उजव्या गालावर, मी ठणकावून सांगितलं. वीजबिलाच्या खिडकीपुढच्या रांगेतून कुणी आपल्याला माहीत नसलेलं विचारलं की असंच ठणकावून सांगायचं, म्हणजे पुढचं कुणी विचारत नाही.

पाटीवर चेहरा उमटत गेला. मुलीचा हात चांगला होता. तिनं डोळ्यांत चमक भरली, दोन बारीक दात दाखवले आणि पाटी माझ्याकडे फिरवली. "अशीच ना?"

ती पोर मी जन्मात पाहिली नव्हती. पण नाही म्हणायचं तर मग कशी, ते सांगायला हवं होतं, आणि ते माझ्याकडे नव्हतं. जी शिवी मी नवऱ्याला दिली ती आता या परक्या पोरीसमोर स्वतःला द्यायची, तेवढी माझी छाती झाली नाही.

"हो," मी म्हटलं. "हीच."

पुस्तक देखणं निघालं. शेजारच्या पोरांनी ते हातोहात नेलं, त्या पानावर बोट ठेवून भुंगी, भुंगी म्हणायला लागली. खोटं कशाला बोलू, मला बरं वाटलं. इतक्या वर्षांत तिचं नाव दुसऱ्या कुणी घेतलं नव्हतं.

मग एका दुपारी कपडे वाळत घालताना तिची गुणगुण आठवली. अशी ती अधूनमधून आठवायची, आणि तिच्यामागून ती स्वतः यायची. नीट दिसायची नाही. गालाचा एक तुकडा, कानामागची बट, वळता वळता निसटून जायची. पण असायची तीच. मी डोळे मिटून थांबले. समोर पुस्तकातली पोर येऊन उभी राहिली. स्पष्ट, स्वच्छ, माझं नाक लावलेली, सासूबाईंच्या ओठांनी हसणारी, उजव्या गालावर खळी पाडून.

मी डोळे उघडले, पुन्हा मिटले. कानामागची बट शोधली. पुन्हा पुस्तकातलीच आली.

तेव्हा मला कळलं की तो काही विसरला नव्हता. कुठलाही एक चेहरा ठेवला की पुढं तोच राहतो, हे त्याला कळत होतं, म्हणून तो तिची जागा मोकळी ठेवत होता. हे मला कधी बोलला नाही मेला. आणि मी तरी कुठं विचारलं!

आता रोज येते ती पुस्तकातली. भाजी निवडताना, दूध तापवताना, अंथरुणाला पाठ टेकली की. दोन दात दाखवून हसते. कुणाची कोण, देव जाणे. जा म्हणावं तर एवढीशी पोर आहे, आणि माझ्याशिवाय तिला तरी कोण आहे?