खालच्या मजल्याचं लायसन्स

"जेवायला बसलीस की तोंड फक्त घासासाठी उघडायचं. कुणी काही विचारलं तर उत्तर हात धुतल्यावर."

आत्याने चातुर्मासाचा हा नेम मला दिला तेव्हा मी एकोणीस वर्षांची होते. आत्या गेली, मी अमेरिकेत शॉमबर्गला आले, नेम चालू राहिला. ऑफिसच्या लंचरूममध्ये मी खिडकीकडे तोंड करून डबा खाते आणि बोलत नाही, हे सगळ्यांना माहीत आहे. माझ्या मॅनेजरला, राजला, तर नक्कीच. पहिल्या वर्षी त्यानेच टीमला समजावलं होतं, "शी इज ऑफलाइन टिल ट्वेल्व्ह थर्टी."

तरी त्या शुक्रवारी तो नेमका तेव्हाच आला.

आमची लॅब शाळांच्या पाण्यातलं शिसं मोजते. ऑगस्टमध्ये, शाळा उघडायच्या आधी, नमुन्यांचे क्रेट दारापर्यंत लागतात. मशीन प्रत्येक नमुन्याचा आकडा एका फाइलमध्ये टाकतं, आणि तो त्या त्या शाळेच्या एक्सेल शीटमध्ये चढवायचं काम खालच्या मजल्यावर प्रीताताई हाताने करतात. दिवसाला तीनशे नमुने. नागपुरात त्यांनी वीस वर्षं केमिस्ट्री शिकवली, इथली ही त्यांची पहिली नोकरी. जूनमध्ये त्यांची एक ओळ सरकली आणि एका शाळेचा आकडा दुसरीच्या नावावर गेला. संध्याकाळच्या आत सापडलं, पण त्यांना लेखी ताकीद मिळाली. आणखी एक चूक झाली की नोकरी संपली, असं त्यात स्वच्छ लिहिलं होतं.

एक्सेलला पायथन या प्रोग्रॅमिंगच्या भाषेशी जोडणारं ॲड-इन, म्हणजे एक्सेलला लावायचं जोडसॉफ्टवेअर, कंपनीने घ्यावं म्हणून चार महिने मीच मागे लागले होते. प्रोग्रॅम मी लिहून ठेवला होता. मशीनची फाइल तो वाचणार, नमुन्याचा नंबर जुळवणार, आकडा बरोबर ओळीत टाकणार. प्रीताताईंनी फक्त एक बटण दाबायचं.

"शुक्रवारी तुमच्या कॉम्प्युटरवर बसवून देते," मी म्हटलं होतं.

"बसवून दे बाप्पा," त्या म्हणाल्या होत्या. "आजकाल मी देवापुढच्या वातीसुद्धा दोनदा मोजते."

तर शुक्रवारी मी वरणभात खात असताना राज समोर येऊन उभा राहिला. "शरयू मावशी, क्विक थिंग. ॲड-इनची लायसन्सेस सहाच मिळाली. सहाही वरच्या टीमला देतोय, तुला धरून. प्रीता कॅन वेट टिल जानेवारी. ओके?"

ऑफिसात मला मावशी म्हणणारा तो एकटाच, आणि तेही काही गळ्यात मारायचं असलं की. तो दोन सेकंद थांबला, "ग्रेट" म्हणाला आणि गेला.

तीन वाजता त्याची ईमेल आली. शरयूशी बोलणं झालंय, तिची संमती आहे. ईमेल प्रीताताईंनाही होती. पाचच मिनिटांत त्यांचा मेसेज आला: "तुझी काही अडचण असेल. राहू दे."

मी राजच्या केबिनमध्ये गेले. मला आवाज चढवता येत नाही, तेव्हाही चढला नाही.

"राज, मी हो म्हटलं नव्हतं."

"'नाही'पण म्हटलं नाहीस."

"मी जेवत होते. मी बोलत नाही, तुला माहीत आहे."

"सो नंतर सांगायचं ना. अडीच तास होते, मावशी." तो पुन्हा स्क्रीनकडे वळला होता. "इट्स अ स्प्रेडशीट. कुणी मरत नाहीये."

त्याच्या टेबलावरचा कप उचलून भिंतीवर आपटावासा वाटला. असं मनात आलं की एरवी मी लगेच देवाची क्षमा मागते. मागितली नाही.

पण ते अडीच तास मला डसले, कारण ते खरे होते. साडेबाराला मी हात धुतले तेव्हा राज कॉफी मशीनपाशी उभा होता, दहा पावलांवर. मी त्याला पाहिलं आणि माझ्या जागेवर गेले. जेवल्या जेवल्या वाद कशाला, म्हटलं. आत्याचा नेम अर्ध्या तासाचा. पुढचे अडीच तास मी भांडणाला भिऊन गप्प बसले, आणि त्या भीतीला देवाधर्माचं पांघरूण घातलं. राजवरचा राग तसूभर कमी झाला नाही. माझा स्वतःवरचा राग त्या रागाशेजारी येऊन बसला.

मी आयटीतल्या अनिलला फोन लावला.

"माझं लायसन्स लॅपटॉपवरून काढून प्रीताताईंच्या कॉम्प्युटरवर टाकता येईल?"

"येईल. पण तिथलं एक्सेल जुनं, बत्तीस बिटचं आहे. ॲड-इन आणि पायथन, दोन्ही बत्तीसची घे, नाहीतर एक्सेलमध्ये ॲड-इनचा टॅबच दिसणार नाही. आणि तुझं काम?"

"हाताने करेन."

"राज चिडेल, यार."

"चिडू दे. मीही चिडलेय."

"तू? बरं. रिक्वेस्ट टाक, दहा मिनिटांत परवानगी देतो."

त्या दहा मिनिटांत मी राजच्या ईमेलला उत्तर लिहिलं, सगळ्यांना जाईल असं. "राजने जेवताना विचारलं तेव्हा मी उत्तर दिलं नाही. जेवण झाल्यावर द्यायला हवं होतं, ती चूक माझी. माझं उत्तर नाही असं आहे. माझं लायसन्स आजपासून प्रीताच्या कॉम्प्युटरवर असेल." इंग्रजीत ते आणखी कोरडं वाटत होतं. तरी पाठवलं. लगेच राजचं आलं: "कॅन वी टॉक? नाऊ?"

"पाचनंतर," मी लिहिलं.

अनिलची परवानगी आली. मी माझ्या लॅपटॉपवरचं लायसन्स मोकळं केलं. दोन्ही इन्स्टॉलर पेनड्राइव्हवर घेतले, बत्तीस बिटचे आहेत ना ते पुन्हा एकदा पाहिलं. चार वाजून पाच मिनिटं झाली होती आणि प्रीताताई पाचपर्यंत असतात. मागे राजच्या केबिनचं दार उघडलं. मी वळून न बघता जिना उतरायला लागले.