मला सगळं कळलंय

जयमालाबाईंच्या नवऱ्याच्या तोंडात तीळ भिजत नाही, ही गोष्ट कासारवाडी स्टेशनामागच्या त्या सोसायटीत सगळ्यांना ठाऊक होती. कारण ती स्वतः जयमालाबाईंनीच घरोघरी सांगितली होती. "आमचं हे म्हंजे काचेची बरणी," त्या म्हणायच्या. "आत काय हाय ते भायेरनंच दिसतंय. झाकण उघडायची गरजच न्हाई."

सोसायटी उभी होती ती जमीन त्यांच्या सासरची. बिल्डरने त्या बदल्यात दोन फ्लॅट दिले, पण बाईंच्या मनात ते अजून शेतच होतं. पार्किंगमध्ये कुणी गाडी वाकडी लावली, तर शेजाऱ्याने बांध कोरल्यासारख्या त्या भांडायला उतरायच्या. मनाने मात्र निर्मळ. कुणाकडे काही कार्य असलं की सगळ्यांत आधी हजर, आणि एकदा बसल्या की समोरच्याची थट्टा केल्याशिवाय उठायच्या नाहीत.

त्या शुक्रवारी दुपारी चौथ्या मजल्यावरच्या मोनिकाचा वाढदिवस होता. लग्नाला दोन वर्षं झालेली, घरूनच लॅपटॉपवर काम करणारी ही मुलगी एकटी कंटाळायची, म्हणून तिने शेजारच्या तिघींना बोलावलं होतं. एक जयमालाबाई. दुसऱ्या अरुंधती, शाळेत गणित शिकवून नुकत्याच निवृत्त झालेल्या. तिसऱ्या तळमजल्यावरच्या छबूबाई. वय पंच्याहत्तरीच्या पुढे, कान थोडे कमी आणि जीभ जास्त.

केक कापून झाला, ढोकळा संपला, चहाचे कप रिकामे झाले. मग जयमालाबाईंनीच टूम काढली.

"माझ्या भाचीनं, सोनूनं, एक खेळ शिकवलाय. नवऱ्याला फोन लावायचा. स्पीकर चालू. एवढंच म्हणायचं, 'मला सगळं कळलंय.' आन गप बसायचं. काय बी झालं तरी शब्द काढायचा न्हाई. बघू, कुणाचा नवरा काय काय कबूल करतोय. जिच्या नवऱ्याचं गुपित सगळ्यात मोठं, तिला केकावरचं ते साखरेचं गुलाबाचं फूल."

"माझा न्हवरा वर गेलाय," छबूबाई म्हणाल्या. "तिथं रेंज न्हाई."

"मग तुमी पंच."

पहिला नंबर वाढदिवसवालीचा. मोनिकाचा नवरा ओंकार तळवड्याला एका ऑफिसात होता. त्याने फोन उचलला तो हसतच.

"ओंकार, मला सगळं कळलंय," मोनिका म्हणाली आणि ओठ घट्ट मिटून बसली.

तिकडे हसू थांबलं. "काय कळलंय? मोने? हॅलो? अगं, तो मिक्सर मी आईला दिलेला नाही, वापरायला दिलाय." थोडा वेळ गेला. "आणि ते जिमचं म्हणशील तर मी जानेवारीत गेलो होतो ना चार दिवस. बरं, नंतर नाही गेलो. पण बाहेर मिसळ रोज नाही खात, एक दिवसाआड खातो. हॅलो? तुझ्या मावशीची साडी मी मुद्दाम नाही जाळली, इस्त्री आपोआप तापली."

तिघी तोंडात पदर आणि ओढणी कोंबून हसत होत्या. मोनिकाला साडीचं माहीतच नव्हतं. फोन ठेवल्यावर ती तडक कपाटाकडे धावली.

"यक फोन आन चार गुपितं," छबूबाईंनी नोंद घेतली. "म्होरं."

दुसरा नंबर अरुंधतींचा. त्यांचे यजमान मधुसूदन चाकणच्या एका कंपनीत क्वालिटी विभागात होते. नीटनेटका, मितभाषी माणूस. जयमालाबाईंचे दादासाहेब त्याच कंपनीत स्टोअर्स सांभाळायचे. दोघे नाशिक फाट्यावरून एकाच बसने जायचे, एकाच बसने परत यायचे.

"आमच्याकडे काही निघायचं नाही हं," अरुंधती चष्मा सारखा करत म्हणाल्या. "हा माणूस साधा पाव चमचा साखर जास्त घेत नाही." त्यांनी फोन लावला. "अहो, मला सगळं कळलंय."

पलीकडे यंत्रांची घरघर ऐकू आली. मग दार लोटल्याचा आवाज, आणि घरघर कमी झाली. मधुसूदन बाहेर आले असावेत.

"सगळं?" त्यांनी हळूच विचारलं.

अरुंधती गप्प.

"बरं. एका अर्थी बरंच झालं. मला कित्येक दिवस मनातून खात होतं. तू चिडू नकोस, अरू. सुरुवात माझ्याकडूनच झाली, हे मी मान्य करतो. संध्याकाळी सविस्तर बोलू." फोन बंद झाला.

खोलीत टाचणी पडली असती तरी ऐकू आली असती. छबूबाईंनाही.

"सुरुवात?" अरुंधती फोनकडे बघत म्हणाल्या. "कसली सुरुवात?"

अशी संधी जयमालाबाई सोडणार थोड्याच? "वहिनी, गरीब गाय अन पोटात पाय! बघा बाई, क्वालिटीवाल्याचाच माल खराब निघाला. तरीच म्हणलं, भावजी रोज सांजच्याला नाक पुसत, डोळं लाल करून का येत्यात. रडत येत असतील बिचारे, पश्चात्तापानं."

"ती एसीची सर्दी आहे," अरुंधती म्हणाल्या. पण आवाजात नेहमीचा गणिताच्या बाईंचा ठामपणा नव्हता.

"एसीचीच असंल की. एसीचं नाव काय, तेवढं इचारा."

मोनिकाने त्यांना डोळ्यांनी दटावलं. पण बाईंना आता चेव आला होता. "थांबा, आता बिनगुपिताचा माणूस कसा असतोय ते ऐका," असं म्हणत त्यांनी दादासाहेबांना फोन लावला आणि तो ऐटीत टीपॉयच्या मधोमध ठेवला.

"अहो, मला सगळं कळलंय."

"आँ?" दादासाहेबांचा भरदार आवाज आला, आणि पुढच्या क्षणी तो आवाज एकदम खाली बसला. "मधुभाऊंनी सांगितलं व्हय? आत्ता फोन घेऊन भायेर गेलं, तवाच वळखलं मी. हे बघ जयमाला, आदी मी न्हाईच म्हणलं व्हतं. पर यक दिस त्यांनी डबा उघडला आन आमटीचा वास आला. गुळाची आमटी गं. माझा जीवच गेला तिच्यात."

जयमालाबाईंच्या चेहऱ्यावरची ऐट अजून उतरली नव्हती. फक्त जागच्या जागी थिजली होती.

"त्यांनी तुझं वांगं चाखलं, मी वहिनींची आमटी चाखली. दुसऱ्या दिशी बी तेच. मग रोजचंच झालं. आता पाच-सात वर्सं तरी झाली असतील. तुझ्या वांग्याला तोड न्हाई, देवाशपथ. मधुभाऊ तुझा ठेचा आन रस्सा बोटांनी पुसून खात्यात. नाकाडोळ्यातनं पाणी गळतंय, तरी सोडत न्हाईत. पर माझ्या पोटात जाळ व्हतोय गं. तुला सांगितलं असतं तर तुला वाईट वाटलं असतं. जयमाला? बोल की. वहिनींच्या पोळ्या मऊ असत्यात म्हणून मी काय तुझी भाकरी वाईट म्हणलो व्हय?"

"फूल हिचं!" छबूबाईंनी निकाल दिला, तो स्पीकरच्या अगदी जवळ तोंड नेऊन.

"कोण बोललं?" दादासाहेब दचकले. मोनिकाने झटकन फोन बंद केला.

मग अरुंधती हळूहळू, एखादं गणित फळ्यावर सोडवावं तसं, म्हणाल्या, "म्हणजे ती सर्दी नव्हती. तो तुमचा ठेचा होता. आणि मी त्या माणसाला रोज तुळशीचा काढा पाजत होते." आणि त्या जोरात हसल्या. मोनिका हसली, छबूबाई तर खोकेपर्यंत हसल्या.

जयमालाबाईंना मात्र हसू येईना. मागच्याच आठवड्यात दादासाहेब घरी आल्या आल्या म्हणाले होते, आजची मटारची उसळ झकास झाली होती. डब्यात त्यांनी दिली होती मेथी. पुरुषाला मेथी आणि मटार यातलं काही कळत नाही, म्हणून त्या वर हसल्याही होत्या. बरणी काचेचीच होती. आत बघायचं बाईंनाच कधी सुचलं नव्हतं.

पाणी प्यायच्या निमित्ताने त्या स्वयंपाकघरात गेल्या. मागोमाग अरुंधती आल्या.

"मी प्हाटं पाच वाजता उठून वाटण घालती, वहिनी," जयमालाबाई नळाकडे तोंड करून म्हणाल्या. "एवढं कुणासाठी घालत व्हती मी?"

"माझ्या नवऱ्यासाठी," अरुंधती म्हणाल्या. "आणि मी लाटत होते ते तुमच्या नवऱ्यासाठी. घरी मी आमटीत एक मिरची जास्त टाकली तर आमचे हे ती ताटाच्या कडेला काढून ठेवतात. मी समजत होते, माणूसच मिळमिळीत आहे."

"मिळमिळीत? माझ्या ठेच्याला पुरून उरलेला माणूस हाय तो."

"आणि डबा कधी भरलेला परत आला का तुमच्याकडे?"

जयमालाबाईंनी आठवून पाहिलं. "न्हाई. पुसून काढल्यावाणी येतोय."

"मग झालं तर. कुणीतरी मनापासून खात होतं."

आता मात्र बाईंच्या ओठाचा कोपरा हलला. "तरी बी सोडायचं न्हाई त्यांना," त्या म्हणाल्या.

"सोडायचं कोण म्हणतंय?"

संध्याकाळी दादासाहेब जिन्याने आले ते चोरासारखे. हातात जिलबीचा पुडा होता. जयमालाबाईंनी पुडा घेतला, पाणी दिलं, जेवायला वाढलं, आणि डब्याचा विषय म्हणून काढला नाही. दादासाहेब कढईतल्या तापल्या तेलाकडे बघावं तसे बायकोकडे बघत जेवले. शेवटी त्यांनाच राहवेना.

"उद्या डबा द्यायचा का न्हाई?"

"द्यायचा की. उपाशी ठेवू व्हय माणसाला?"

तिकडे अरुंधतींनी मधुसूदनांचं सविस्तर निवेदन शेवटपर्यंत ऐकून घेतलं, "बरं" म्हणाल्या, आणि टीव्ही लावला. मधुसूदनांना त्या रात्री झोप लागली नाही, असं त्या नंतर मोठ्या समाधानाने सांगायच्या.

सकाळी पुरुष आंघोळीला गेले असताना मोनिका जिन्यावरून वर-खाली दोन खेपा करून आली. जयमालाबाईंचं काळ्या मसाल्याचं वांगं आणि भाकरी अरुंधतींच्या डब्यात गेली; अरुंधतींची आमटी, भात आणि पोळ्या जयमालाबाईंच्या डब्यात. पिशव्या जागच्या जागी, झाकणं घट्ट. दोघेही आपापली पिशवी घेऊन बसला गेले.

त्या दिवशी दुपारी जयमालाबाईंचं कशातच लक्ष लागेना. दादासाहेब काय करतील? तोंड भाजेपर्यंत खातील, की उपाशी राहतील? एकदा वाटलं, फोन करावा. मग वाटलं, नको, भोगू दे. मग पुन्हा वाटलं, पोटात जाळ होतो म्हणाला होता बिचारा. तीस वर्षं संसार केला, आणि हे वाक्य त्यांनी काल पहिल्यांदा ऐकलं होतं. तेही मोनिकाच्या टीपॉयवर.

संध्याकाळी दादासाहेब आले ते दारातूनच हसत.

"काय हसताय?" बाईंनी चेहरा कडक ठेवून विचारलं.

"आमी बसलो जेवायला. नेहमीसारखी डब्यांची अदलाबदल केली. मी वहिनींचा डबा उघडला, तर आत तुझं वांगं. मधुभाऊंनी तुझा उघडला, तर आत आमटी. दोघं यकमेकांकडं बघत बसलो. मधुभाऊ म्हणलं, 'दादासाहेब, आपल्याला शिक्षा झालेली आहे.'"

"मग?"

"मग काय? खाली मान घालून बसलो थोडा येळ."

"आन मग?"

"मग पुन्यांदा बदललं की डबं."

जयमालाबाईंनी हसू दाबायचा खूप प्रयत्न केला. पण ते नाकातून फुटलं, मग तोंडातून, आणि शेवटी त्यांना हातातला झारा ओट्यावर ठेवून खाली बसावं लागलं. दादासाहेबही शेजारी टेकले. बऱ्याच दिवसांनी दोघं असे फरशीवर बसले होते.

"अहो, पर तोंडानं सांगायचं न्हवतं का?" हसू ओसरल्यावर त्या म्हणाल्या. "जळत व्हतं तर जळतंय म्हणायचं. मी काय खाल्लं असतं तुमाला?"

"तू इतकी हौसेनं वाढायचीस," दादासाहेब म्हणाले. "मागं यकदा रस्सा बाजूला सारला, तर तुझं तोंड असं उतरलं, की पुन्हा धीर झाला न्हाई."

बाईंना तो दिवस आठवत नव्हता. पण त्यांनी वाद घातला नाही. पदराने डोळे पुसून विचारलं, "मग आता काय करू? सांगा, तोंडानं."

दादासाहेबांनी घसा साफ केला, पंचायतीसमोर अर्ज करावा तसा. "आमटी. गूळ घालून."

त्यांच्या चुलीवर आजवर आमटीत गूळ पडलेला नव्हता. सासूबाई असत्या तर म्हणाल्या असत्या, आमटी करतीस का खीर? जयमालाबाईंनी अरुंधतींना फोन लावला. पलीकडून आधी नुसता खोकला आला.

"वहिनी, गूळ किती घालायचा?"

"लिंबाच्या... खॉक... निम्म्याएवढा. आधी मला सांगा, या मिरच्या भाजताना तुम्ही श्वास कसा घेता? सगळा मजला खोकतोय."

"ठेचा करताय व्हय? खिडक्या उघडा की! आन भावजींना गॅलरीत बसवा."

"सांगितलं. हलायला तयार नाहीत. इथेच उभे आहेत, डोळे पुसत, हातात पोळी घेऊन."

फोन ठेवून जयमालाबाईंनी डाळीला फोडणी दिली, चिंचेचा कोळ घातला, आणि गुळाचा खडा बोटांत धरून जरा वेळ तशाच थांबल्या. मग तो मोडून अर्धा आत सोडला. चमचाभर चाखून पाहिलं, आणि तोंड वाकडं केलं.

"आजून जरासा," मागून दादासाहेब म्हणाले.