पियुषचा जामीन

शेजारच्या चंदाच्या साक्षगंधाचा, म्हंजे साखरपुड्याचा, मंडप आमच्याच भिंतीले टेकवून ठोकला होता. तिची माय आशाकाकू सकाळपासून हसून राह्यली होती. तिचं हसणं मले पाहवत नाई. तिचा पोरगा पियुष जामिनावर बाहेर, अन् माहा भाऊ ललित अमरावतीच्या जेलात. भांडण एकच, कबड्डीच्या फायनलचं. समोरच्या टीमच्या किशोरचं डोकं फुटलं तवा दोघांच्याही हातात काठी होती. कलमही एकच, खुनाच्या प्रयत्नाचं. खालच्या कोर्टानं दोघांच्याही जामिनाले नाई म्हटलं. मंग पियुषचा मामा पयले हायकोर्टात पोचला, आमी मागं राह्यलो.

पियुषले जामीन भेटला, पण अट होती. केस चालतवर दर्यापूर तालुक्यात पाय ठेवायचा नाई, साक्षीदार सारे इथलेच म्हणून. तो अकोल्याले मामाकडं ऱ्हायते. काकू रोज व्हिडिओ कॉलवर "जेवला का रे बाळा?" करते, आवाज मुद्दाम मोठा. माही माय मनकर्णा ते ऐकत भाकर थापते. तव्यावरची जळली तरी तिले समजत नाई. मी समोरच असते. मले कोणी इचारत नाई जेवली का.

दुपारी मंडपात पंगत बसली अन् काकू एक भरलं ताट घेऊन मागच्या खोलीत चालली. तिथं तुरीचे पोते असतात. पोते कवापासून पुरणपोळी खाऊन राह्यले? मी खिडकीच्या फटीले मोबाईल लावला. पियुष! नवा शर्ट, बोटावरून तूप गळून राह्यलं. फोटो काढला.

मायनं फोटो पाह्यला. पियुषले नाई, ताटाले पाह्यलं. मंग म्हणे, "पाठव देवमनले."

देवमन म्हणजे किशोरचा भाऊ, चौकात पानठेला हाय त्याचा. पण मले पक्कं काम पाह्यजे होतं. मी आमच्या वकील गीतांजली मॅडमले फोन लावला. सोमवारी नागपूरले हायकोर्टात ललितच्या जामिनाचा नंबर होता.

"मॅडम, पियुष गावात हाय. फोटो हाय माह्याजवळ. त्याचा जामीन तोडा."

मॅडम म्हणाल्या, "कोणाला पाठवलास?"

"अजून नाई."

"हे बघ प्रणाली, गुन्हा केला की नाही ते कोर्ट आत्ता ठरवत नाही. आरोप किती गंभीर, कोणाचा हात किती, पोरगा पळेल का, साक्षीदारांना धमकावेल का, एवढं बघतं. सोमवारी मी काय वाचणार? पियुषचाच आदेश. दोघांवर आरोप सारखा, त्याला दिला तर ललितलाही द्या. त्यानं अट मोडली असं सरकारी वकील बोलला, तर ललितवर तरी कोण विश्वास ठेवेल?"

"मंग मी काय करू?"

"ते मी सांगणार नाही. त्यानं कोर्टाची परवानगी घेऊन यायला पाहिजे होतं. काय होईल ते तुला सांगितलं."

माहे कान तापले. म्हणजे आमचा ललित पियुषच्या खांद्यावर बसून सुटणार!

मी थेट त्या खोलीत गेली. "ऊठ बे."

"प्रणाली? जेवली का वं?"

"घास गिळ अन् ऊठ. तुह्यापायी माहा भाऊ सडन तिकडं."

काकू मधात आली. "बहिणीचं साक्षगंध हाय वं, एका दिवसानं काय होते?"

"माह्या मायले तोही एक दिवस नाई भेटला, काकू." फोटो दाखवला तसं तिचं तोंड उतरलं. मॅडम काय म्हणाल्या तेही सांगतलं. तिनंच चंदाचा सनकोट काढून देला. पियुषच्या तोंडाले मी माहा स्कार्फ गुंडाळला, आमी पोरी उन्हात बांधतो तसा, डोळे तेवढे बाहेर. बसवला स्कूटीवर मागं.

चौकात नेमका ट्रॅक्टर आडवा. देवमन पानाले चुना लावता लावता म्हणे, "कोण वं मागं?"

"मावसबहीण, अकोल्याची."

"लयच धिप्पाड हाय बाप्पा! जमलं काय कुठी?"

"तुह्यासाठी इचारू काय?"

ठेल्यावरचे पोट्टे हसले. पियुषनं माहा खांदा असा आवळला का रात्री निळा पडला.

तालुक्याची हद्द संपल्यावर त्याले उतरवलं. अकोल्याची काळीपिवळी जीप येऊनच राह्यली होती. काकूनं देलेला डबा त्याच्या हातात होता.

"ललित बारीक झाला काय वं?"

"तुह्यासारखे ताटं येत नाई तिथं." मी डबा हिसकला. तो गाडीत चढला. गाडी गेल्यावर तिथंच वावराच्या धुऱ्यावर, बांधावर, बसून सारा डबा खाल्ला. एक घास मायसाठी ठेवला नाई.

सोमवारी जजनं सरकारी वकिलाले इचारलं, पहिल्या पोराबद्दल काही तक्रार? तो म्हणे, नाई. ललितले जामीन भेटला. आदेश तसाच, अन् अटही तीच. दर्यापूर तालुक्यात यायचं नाई.

आता माय अकोल्याले ऱ्हायते ललितजवळ, पियुषच्या मामाच्याच गल्लीत खोली केली. व्हिडिओ कॉल येते तवा दोघं मायलेक एका ताटात जेवत असतात. "पाह्य वं, किती खाते आता," माय म्हणते अन् मोबाईल त्याच्याकडंच फिरवते.

मी इकडं भाकर थापते. भिंतीपलीकडून काकू आवाज देते, "प्रणाली, जेवली का वं?"

मी ओ देत नाई. फोटो अजून मोबाईलमंदी हाय. रोज एकदा पाह्यते, मायसारखीच, ताटाले.