छातीतलं पाणी

राजकन्येनं फ्रॉकला धरून पोरीला उंबऱ्यातच मागं ओढलं.

"तिकडं न्हाई जायचं म्हणून किती बार सांगू गं तुला?"

तीन वर्षांच्या मृण्मयीनं भोकाड पसरलं. आत खाटेवर उशांना टेकून बसलेल्या अर्जुनरावांनी नातीसाठी पुढं केलेला हात हळूच गोधडीखाली घेतला.

"ने तिला," ते म्हणाले. एवढं बोलायलाही त्यांना मध्येच थांबून दम घ्यावा लागला. "तुझं बरोबर हाय, राजकन्या. माझी बीमारीच लागट."

राजकन्येनं पोरीला कडेवर घेतलं. सून म्हणून ती काही वाईट नव्हती हो. पण बाई आई झाली की सगळ्या जगाशी भांडायला उभी राहते, तिथं सासऱ्याचं काय घेऊन बसलात!

दिवाळीपासून हे चाललं होतं. अहमदपूरच्या मोंढ्यात धान्य मोजणारा मापाडी म्हणून हयात काढलेला हा माणूस चार पावलं चालला की धापा टाकू लागला. छातीत पाणी झालंय म्हणाले. सुईनं काढलं, बाटली भरली. आता छातीत पाणी म्हणजे टीबी, हे आपल्याकडं डॉक्टरच्या आधी शेजारीच सांगून मोकळे होतात. गावातल्या डॉक्टरांनीही तेच धरलं आणि गोळ्या सुरू केल्या. पाणी काही हटेना. काढलं की पुन्हा भरायचं. घरात अर्जुनरावांचं ताट वेगळं झालं, तांब्या वेगळा झाला आणि नात बंद झाली. ताट-तांब्याचं त्यांना काही वाटलं नव्हतं.

गोळ्या सुरू होऊन दोन महिने झाले की सहसा लागण होत नाही, असं डॉक्टरांनी सांगितलं होतं. राजकन्येनं ते एका कानानं ऐकलं आणि दुसऱ्यानं सोडून दिलं. त्यात काल पोरगी खोकली. दोनदाच; पण राजकन्येचा जीव तेव्हापासून टांगणीला लागला होता. पोरीला सासूबाईंच्या हवाली करून ती नवऱ्याबरोबर, मल्लिनाथबरोबर, लातूरच्या बसमध्ये चढली, तेव्हा तिच्या डोक्यात सासरा नव्हता. पोरीला तर नाही ना लागलं, एवढंच होतं.

पाणी हटेना म्हणून लातूरला दाखवलं होतं. तिथल्या डॉक्टरबाईंनी मागच्या खेपेला काढलेलं पाणी तपासायला मुंबईला पाठवलं होतं. आज त्याचा रिपोर्ट आला होता.

"टीबी नाही," त्या म्हणाल्या. "त्या गोळ्या आजपासून बंद."

"सुटले गं माय!"

राजकन्येच्या तोंडून निघूनच गेलं. तिचे हात आपोआप जोडले गेले, डोळे भरून आले. पोरीला काही नाही! तो खोकला नुसताच खोकला! मग तिला दिसलं, की डॉक्टरबाई हसत नाहीत.

"ताई, माझं बोलणं अजून व्हायचंय."

हा कॅन्सर होता. लिम्फोमा म्हणतात त्याला, आणि त्यातलाही क्वचित कुठं दिसणारा. गाठबीठ काही येत नाही, म्हणून लवकर ध्यानात येत नाही. नुसतं पाणी धरतं. छातीत, पोटात, काळजाच्या भोवती. एचआयव्ही असलेल्यांत जास्त दिसतो, म्हणून तीही तपासणी केली होती. ते काही निघालं नाही.

"इलाज करू. या वयाला झेपेल तेवढाच. पाणी वाढलं की काढत राहू," डॉक्टरबाई म्हणाल्या. "पण खोटा दिलासा मी देणार नाही."

"म्हणजे किती...?" मल्लिनाथनं विचारलं आणि पुढचं गिळून टाकलं.

राजकन्येला धरणीनं पोटात घ्यावं असं झालं. घर आगीतून फुफाट्यात पडलं होतं आणि ही बया नवऱ्यासमोर देवाला हात जोडून बसली होती. बरं, लाज वाटून तरी ती सुटका मनातून जावी ना? ती गेली नव्हती. पोरीला काही नाही, हे आत तसंच गोड लागत होतं, आणि त्याचीच तिला किळस आली.

परतीची बस चाकूरला थांबली.

"तू खूश झाल्तीस," मल्लिनाथ खिडकीबाहेर बघत म्हणाला.

"हाव, झाले. पोरीसाठी."

"मला म्हाईत हाय."

त्याच्या आवाजात राग नव्हता. असता तर तिला बरं वाटलं असतं.

"घरी टीबीच सांगायचं," तो म्हणाला. "टीबीची माणसं बरी झालेली दादांनी बघितलीत. त्या दुसऱ्याचं नाव काढलं तर ते भ्यानंच जातील. आईलाबी सांगायचं न्हाई. तुला माझ्या गळ्याची आण हाय."

"अन मृण्मयी?"

"तिचं काय?"

"टीबी म्हणल्यावर लांबच ठेवावं लागंल की तिला."

"ऱ्हाऊ दे लांब. वरीसभरानं..." मल्लिनाथ बोलता बोलता थांबला. वरीसभराचं कुणी सांगितलं होतं? त्यानं तोंडावरून रुमाल फिरवला आणि तो तसाच डोळ्यांवर धरून ठेवला.

घरी पोचल्यावर पंचफुलाबाई पदराला हात पुसत पुढं आल्या. "काय म्हणले गं डॉक्टर?"

"तेच हाय, आई. टीबी," मल्लिनाथ म्हणाला. "गोळ्या तेवढ्या बदलल्या."

"किती दिवस अजून?" खाटेवरून अर्जुनरावांनी विचारलं.

"बघू की, दादा. सहा-सात महिने."

"चालतंय." ते हसले. "तवर माझी माय मोठी हुईल. वळखंल का न्हाई मला, कुणास ठाऊक."

राजकन्या उठली. चहा ठेवायला निघाली असेल, असं मल्लिनाथला वाटलं. ती अंगणात गेली, मातीत खेळणाऱ्या पोरीला तशीच उचलली, उंबरा ओलांडून आत आली आणि तिनं पोरगी सासऱ्याच्या मांडीवर ठेवली.

"अगं, याड लागलं का तुला?" पंचफुलाबाई ओरडल्या. मल्लिनाथ ताडकन उठला.

राजकन्येनं आण मोडली नाही. तोंडातून शब्द काढला नाही, नुसती उभी राहिली.

अर्जुनरावांचे हात वरच राहिले होते, पोरीला न शिवता. त्यांनी सुनेकडं बघितलं. टीबीच्या माणसाच्या मांडीवर ही बाई पोरगी ठेवणार नाही, मेली तरी नाही, हे त्यांच्याइतकं त्या घरात कुणाला माहीत होतं? मग त्यांनी मुलाकडं बघितलं. मल्लिनाथनं तोंड भिंतीकडं फिरवलं.

पोरगी आजोबांच्या मिशा ओढायला लागली.

"उचल तिला आधी!" पंचफुलाबाई पुढं धावल्या.

"वरडू नको," अर्जुनराव बायकोला म्हणाले. "नव्या गोळ्या लई जोरदार हायत म्हणं. आता लागत न्हाई." आणि मग राजकन्येकडं बघत, अगदी हळू, "लागत न्हाई ना, राजकन्या?"

"न्हाई, मामा," ती म्हणाली. "हे लागत न्हाई."

त्यांनी मान हलवली आणि दोन्ही हात खाली घेऊन पोरीला छातीशी धरलं.

"बघ, म्हणलं नव्हतं?" ते पंचफुलाबाईंना म्हणाले. "जा, काहीतरी गोड कर आज."