एकट्याचा हक्क

आमच्या नगरपालिकेत ठराव कोणी वाचत नाही. अध्यक्ष म्हणतात, "वाचला असे समजावे," सभासद बाक वाजवतात आणि मी, सभेची लेखनिक, तसं लिहून घेते. बावीस वर्षं मी समजतच आले. त्या दिवशी मात्र मी उभी राहिले आणि म्हणाले, हा ठराव पूर्ण वाचावा लागेल.

ठराव पाण्याचा होता. एका कंपनीला शहरभर पाइप टाकायची तीस वर्षांची परवानगी, आणि इतर कोणालाही रस्त्याखाली पाइप टाकायला मनाई. माझा दादा वरच्या उतारावरच्या साठ घरांना आपल्या विहिरीचं पाणी देतो. ठराव झाला की त्याचे पाइप उखडले जाणार होते. तो मागच्या बाकावर गुडघ्यांवर हात ठेवून बसला होता.

जेवायची वेळ झालेली. भुकेल्या सभासदांपुढे सव्वीस कलमं वाचायची म्हणजे विस्तवाशी खेळ. मी वाचली. अकराव्या कलमाशी थांबले आणि नियमांचं पुस्तक उघडलं. रस्ता खणायची परवानगी नगरपालिका देऊ शकते. पण एकट्यालाच हक्क द्यायचा तर आधी शहराचं मतदान घ्यावं लागतं. ते न घेता दिलेली परवानगी सगळीच रद्द. रस्ते लोकांचे, आपण नुसते राखणदार.

कंपनीचा वकील हसत उठला. मला तेव्हाच कळायला हवं होतं. वकील फुकट हसत नाही. बाईंचं अगदी बरोबर आहे, कंपनी मतदानाला तयार आहे, असं तो म्हणाला. फक्त नियम सगळ्यांना सारखा लावा. मग त्याने नगरपालिकेच्या दप्तरातून आणवलेला दादाचा परवाना माझ्यापुढे ठेवला.

"हाही पूर्ण वाचा, बाई."

अक्षर माझंच होतं. अकरा वर्षांपूर्वी दादाच्या शेजाऱ्याने पाणी पुरवायला म्हणून विहीर खणायला घेतली, तेव्हा परवान्याच्या शेवटी मी मायेपोटी एक ओळ घातली होती: या उतारावर इतर कोणीही पाइप टाकू नये. दादाने मागितली नव्हती, त्याला ती माहीतही नव्हती. परवाना वाचला असे समजून मंजूर झाला, आणि मीही विसरून गेले. दुसऱ्याच्या डोळ्यातलं कुसळ काढायला निघालेल्या बाईचं मुसळ असं टेबलावर पडलं होतं.

अध्यक्षांनी घड्याळ पाहिलं, मला पाहिलं. जुना कागद आहे, वाचला असे समजू, असं ते पुटपुटले. मी नुसती मान हलवली असती तरी भागलं असतं. मागे दादा कौतुकाने माझ्याकडे बघत होता.

मी वाचला. शेवटच्या ओळीसकट.

परवाना तिथेच रद्द झाला. दुसऱ्या दिवसापासून साठ घरांचं पाणी बंद. सभासद जेवायला गेले, तरी दादा बसूनच होता. मी जवळ गेले आणि ओळ मीच घातली होती, असं सांगितलं. मला वाटलं, तो पाइपांबद्दल बोलेल.

"तरीच तो शेजारी अर्धी खणलेली विहीर बुजवून गेला," तो म्हणाला. "मी लोकांना सांगत फिरलो, त्याला पाणी लागलं नाही."

दर सभेनंतर तो मला घरापर्यंत सोडायला येतो. त्या दिवशी तो एकटाच उतार चढून गेला.